राजवाड्यातून निघालेला बॅरिस्टर

दोस्तांनो, वकील आणि राजदूत यांच्यातलं एक साम्य कधी लक्षात आलंय का तुमच्या? दोघंही दुसऱ्याच्या वतीनं बोलतात. वकील अशिलाच्या वतीनं, राजदूत आपल्या देशाच्या वतीनं. मग काय, गोड आणि चतुर बोलता आलं की झालं, असं तुम्ही म्हणाल. पण आज मी ज्यांच्याविषयी सांगणार आहे ते काय बोलले यापेक्षा कुणाशी बोलले, यावरूनच जास्त गहजब झाला. त्यांचं नाव अप्पासाहेब पंत.

सातारा जिल्ह्यातलं औंध तुमच्यापैकी काहींनी सहलीत पाहिलं असेल. यमाईचा डोंगर, तिथलं ते सुंदर चित्रसंग्रहालय. स्वातंत्र्यापूर्वी औंध हे छोटंसं संस्थान होतं, सुमारे ७२ गावांचं, आणि तीही सलग नाहीत बरं का, इकडे-तिकडे विखुरलेली! भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी हे तिथले राजे. शाळेत सूर्यनमस्कार घालताना कुरकुरत असाल, तर त्याचं थोडं श्रेय या राजेसाहेबांना द्या. सूर्यनमस्कारांचा प्रसार त्यांनी ध्यासच घेऊन केला होता.

अप्पासाहेब हे त्यांचे चिरंजीव. जन्म १९१२चा. ऑक्सफर्डला शिकले, लंडनच्या लिंकन्स इनमधून बॅरिस्टर झाले आणि औंधला परत आले. कायदा शिकून आलेल्या या मुलानं घरी येऊन पहिलं मोठं काम कोणतं हाती घेतलं असेल? आपल्याच वडिलांची सत्ता लोकांच्या हवाली करण्याचं!

आणि वडीलही असे, की त्यांनी आनंदानं होकार दिला. १९३८च्या नोव्हेंबरात राजेसाहेबांनी तशी घोषणा केली. मॉरिस फ्रीडमन नावाचे एक पोलिश इंजिनियर तेव्हा औंधच्या कामात होते. पिता-पुत्रांनी आणि फ्रीडमन यांनी गांधीजींचा सल्ला घेतला आणि १९३९च्या जानेवारीत औंधला स्वराज्याची राज्यघटना मिळाली. कारभार गावच्या पंचायतींकडे आला. आटपाडीजवळ स्वतंत्रपूर नावाची उघडी वसाहत निघाली. तिथे खुनाच्या गुन्ह्यातले कैदीसुद्धा भिंती-कुंपणाशिवाय राहून शेती करू लागले. शांतारामबापूंचा 'दो आँखें बारह हाथ' हा १९५७चा चित्रपट याच प्रयोगावरून सुचला. त्याची कथा लिहिणारे गदिमा याच संस्थानच्या मुलखातले.

१९४८ साली औंध मुंबई राज्यात विलीन झालं आणि त्याच वर्षी पंडित नेहरूंनी अप्पासाहेबांना भारताचे कमिशनर म्हणून पूर्व आफ्रिकेत, नैरोबीला पाठवलं.

केनियावर तेव्हा इंग्रजांचं राज्य होतं. चांगल्या, थंड हवेच्या जमिनी गोऱ्यांसाठी राखून ठेवलेल्या. मधल्या पायरीवर आपले भारतीय, म्हणजे दुकानदार, कारकून, रेल्वेतले नोकर. आणि ज्यांचा देश, ते आफ्रिकी लोक सगळ्यांत खाली! नेहरूंचं धोरण असं होतं, की तिथल्या भारतीयांनी आफ्रिकी लोकांचं हित आधी पाहावं. असं धोरण कागदावर लिहिणं सोपं. अप्पासाहेब मात्र खरंच त्या लोकांत मिसळले. जोमो केन्याटांसारख्या पुढाऱ्यांशी त्यांनी मैत्री जोडली. भारतात येऊन कॉलेजात शिकण्यासाठी आफ्रिकी मुलांना आपलं सरकार शिष्यवृत्त्या देत होतं. गोऱ्या साहेबांना हे रुचेना. काही भारतीय व्यापाऱ्यांच्याही पोटात गोळा आला. उद्या सरकारचा राग आपल्या दुकानावर निघाला तर?

१९५२च्या ऑक्टोबरात तिथे आणीबाणी आली. माऊ माऊ बंडाचा ठपका ठेवून केन्याटांना पकडलं. त्यांच्या बचावासाठी भारतातून दिवाण चमनलाल हे नामवंत वकील गेले. इंग्रजांचा अप्पासाहेबांवरचा रोष वाढतच गेला. हा पाहुणा आमच्या कारभारात ढवळाढवळ करतो, अशी त्यांची तक्रार होती. नियमावर बोट ठेवलं तर ती अगदीच खोटी नव्हती, असं मला वाटतं. ज्या सरकारनं तुम्हाला राहू दिलं, त्याच्याच विरोधकांना घरी जेवायला बोलवायचं का? आई-बाबांशी यावर एकदा वाद घालून बघा. अखेर १९५४ साली अप्पासाहेबांना नैरोबी सोडावी लागली. गंमत म्हणजे त्याच वर्षी भारत सरकारनं त्यांना 'पद्मश्री' दिली! आणि १९६३ साली केनिया स्वतंत्र झाला, तेव्हा पंतप्रधानपदी होते तेच केन्याटा.

पुढची कारकीर्दही मोठी आहे. १९५५ ते १९६१ सिक्कीम-भूतानला. त्याच काळात, १९५९मध्ये, दलाई लामा भारतात आश्रयाला आले. नंतर इंडोनेशिया, नॉर्वे, इजिप्त, लंडन, इटली. लंडनला हायकमिशनर असताना, १९७० साली, त्यांचं सूर्यनमस्कारांवरचं इंग्रजी पुस्तक निघालं. साहेबाच्या देशात औंधची तालीम!

निवृत्त झाल्यावर त्यांनी आणखी बरंच लिहिलं. वडिलांवरचं 'अॅन अनयुज्युअल राजा' १९८९चं. त्याआधीच्या एका पुस्तकाचं नाव 'अनडिप्लोमॅटिक इन्सिडेंट्स', म्हणजे मुत्सद्द्याला न शोभणारे प्रसंग. हे नाव त्यांना सुचावं यात नवल नाही. १९९२ साली ते गेले. मला सर्वांत आवडतं ते १९७४चं आत्मकथन, 'अ मोमेंट इन टाइम'. लिहिता लिहिता ते अध्यात्मात शिरतात, तिथे मी खुशाल चार पानं उलटतो. तुमच्या गावच्या मोठ्या वाचनालयात ते मिळालं, तर आफ्रिकेचा भाग आधी काढा. इंग्रजी फार अवघड नाही. अडलंच, तर शेजारी बाबांना बसवा.