एका वाक्याचे पाठभेद

इगोर श्टिमाच या क्रोएशियन गृहस्थांविषयी आपल्याकडे जे लिहून आले, ते बहुतेक गुणतक्त्याच्या भाषेत आले. मे २०१९ मध्ये ते भारतीय फुटबॉल संघाचे प्रशिक्षक झाले, जून २०२४ मध्ये त्यांना काढून टाकण्यात आले, आणि मधल्या पाच वर्षांत किती जिंकले, किती हरले याची बेरीज-वजाबाकी तेवढी झाली. आम्ही दोघे मराठीचे अध्यापक. फुटबॉलचे आमचे ज्ञान प्रेक्षकाचे. परंतु या माणसाच्या चरित्रात एक वाक्य आहे. ते उच्चारले गेले की नाही, याचा निर्णय तीन दशके उलटून गेली तरी झालेला नाही. संहितेशी ज्यांचा रोजचा व्यवहार आहे, त्यांना असे वाक्य स्वस्थ बसू देत नाही.

आधी नावाविषयी. आपल्या वृत्तपत्रांनी 'स्टिमॅक' असे इंग्रजी वळणाने लिहिले. क्रोएशियन लिपीत शेवटचे अक्षर आहे त्याचा उच्चार 'चाक', 'चोच' यांतल्या आपल्या दंततालव्य च सारखा होतो. म्हणजे मराठी माणसाला हे नाव कोणत्याही आयासाशिवाय नीट उच्चारता यावे. या लेखात ज्याचे नाव पुढे येणार आहे त्या सिनिशा मिहायलोविचच्या नावाच्या शेवटी मात्र 'चार', 'चिंच' यांतला तालव्य च आहे. देवनागरीत आपण दोन्हीकडे एकच अक्षर लिहितो.

श्टिमाचचा जन्म ६ सप्टेंबर १९६७ चा, नेरेत्वा नदीकाठच्या मेत्कोविच गावचा. स्प्लिट शहराच्या हायदुक क्लबात तो बचावपटू म्हणून वाढला. १९८७ साली चिलीमध्ये युगोस्लाव्हियाच्या वीस वर्षांखालील मुलांनी विश्वचषक जिंकला, त्या संघात तो होता. बोबान, शुकेर, प्रोसिनेच्की, मियातोविच हेही होते. पुढे कोण क्रोएशियाचा, कोण माँटेनिग्रोचा म्हणून ओळखला गेला. त्या वर्षी हा प्रश्न कोणाला पडला असेल असे वाटत नाही.

चार वर्षांत तो पडला. २ मे १९९१ रोजी डॅन्यूबकाठच्या बोरोवो सेलो या सर्बबहुल गावात १२ क्रोएशियन पोलीस मारले गेले. त्यानंतर सहाच दिवसांनी, ८ मे रोजी, बेलग्रेडमध्ये युगोस्लाव्ह चषकाचा अंतिम सामना होता: सर्बियाचा रेड स्टार विरुद्ध क्रोएशियाचा हायदुक. मिहायलोविच रेड स्टारकडून खेळत होता. तो वाढला बोरोवोत. वडील सर्ब, आई क्रोएट. त्याचे सगळे घर त्या वेळी त्याच परिसरात होते. हायदुकने १-० असा सामना जिंकला, गोल अलेन बोक्शिचचा. पण त्या सामन्यातले लोकांच्या लक्षात राहिले ते श्टिमाच आणि मिहायलोविच यांचे एकमेकांवर धावून जाणे, आणि दोघांनाही पंचांनी बाहेर काढणे. युगोस्लाव्ह चषकाच्या अंतिम सामन्यात क्रोएशियन क्लब खेळला तो हा शेवटचा. मार्शल टिटोंच्या नावाचा तो चषक स्प्लिटला गेला आणि स्प्लिटमध्येच राहिला.

मिहायलोविचने पुढे पुन्हा पुन्हा सांगितले की, श्टिमाच त्या दिवशी त्याला एक वाक्य बोलला. आमची माणसे बोरोवोतल्या तुझ्या सगळ्या घरादाराला मारोत अशी मी प्रार्थना करतो, असा त्याचा आशय. हे वाक्य आपले असल्याचे श्टिमाचने मान्य केले नाही. ते ऐकणारा तिसरा कोणी साक्षीदार पुढे आल्याचे आमच्या वाचनात नाही. हजारो माणसांनी भरलेल्या मैदानावर, हातभर अंतरावरून दोन तरुण एकमेकांना काय बोलले ते त्या दोघांनाच ठाऊक. आणि बोलले ते एकाच भाषेत, जिला तेव्हा सर्बो-क्रोएशियन असे एकच नाव होते. त्या नावाचीही पुढे फाळणी झाली.

लीळाचरित्र शिकवताना विद्यार्थ्यांना सांगावे लागते की, महानुभावांनी एकाच लीळेच्या निरनिराळ्या आठवणी 'वासना' म्हणून जपल्या. एक खरी आणि बाकीच्या खोट्या असा घाईचा निवाडा केला नाही. वर्गात हे सांगणे सोपे आहे. येथे मात्र दोन्ही पाठ शेजारी ठेवले की एक माणूस शाप देणारा ठरतो किंवा दुसरा खोटे बोलणारा ठरतो. आमच्या दोघांत या बाबतीत एकमत नाही. एकाचे म्हणणे असे, की स्वतःच्या आईबापांच्या मरणाचे वाक्य कोणी कल्पनेने रचत नाही. ते ऐकल्याशिवाय इतकी वर्षे कानात राहत नाही. दुसऱ्याचे म्हणणे असे, की मे महिन्यातली ही आठवण सांगितली गेली ती शरद ऋतूनंतर, म्हणजे वुकोवारचा वेढा, नोव्हेंबरातला त्याचा पाडाव आणि आपल्या घराचा विध्वंस पाहून झाल्यावर. संतापातल्या एखाद्या शिवीला त्यानंतर आठवणीने पुरा अर्थ चढवला असेल. स्मृती ही काही लेखनिक नव्हे, तीही आपल्या परीने संपादन करते. या वादात आम्ही हिवाळ्याच्या कितीतरी संध्याकाळी घालवल्या आणि तो मिटलेला नाही.

श्टिमाचच्या खेळाविषयी थोडक्यात सांगता येईल. स्पेनमधल्या कादिसनंतर १९९५ च्या शरदात तो इंग्लंडमधल्या डर्बी काउंटीत गेला. पहिल्याच सामन्यात त्याने गोल केला आणि संघ ५-१ असा हरला. त्यानंतर डर्बी लीगचे वीस सामने अपराजित राहिला आणि वरच्या श्रेणीत गेला. १९९६ च्या युरोपीय स्पर्धेत जर्मनीविरुद्ध उपांत्यपूर्व सामन्यात त्याला लाल कार्ड मिळाले, क्रोएशिया हरला. १९९८ मध्ये त्याच जर्मनीला ३-० असे हरवून क्रोएशिया विश्वचषकात तिसरा आला, तेव्हा बचावफळीत तो होता. अवघ्या काही वर्षांच्या देशाला त्या पदकाने जगाच्या नकाशावर किती जागा मिळवून दिली, हे आपल्याकडेही पुष्कळांना आठवत असेल.

खेळाडू निवृत्त होऊन प्रशिक्षक झाला की मराठी क्रीडापाने त्याला 'तो'वरून 'ते'वर नेतात. वाढलेल्या वयाचा मान त्यात असतो. पण व्यवसायही बदललेला असतो. खेळाडूचे काम पायांनी होते, प्रशिक्षकाजवळ शब्दांखेरीज फारसे काही नसते. जुलै २०१२ मध्ये श्टिमाच क्रोएशियाच्या राष्ट्रीय संघाचे प्रशिक्षक झाले, आणि त्याच वर्षी मिहायलोविच सर्बियाचे. विश्वचषकाच्या पात्रता फेरीत दोन्ही संघ एकाच गटात. दोन्ही सामन्यांना पाहुण्या संघाच्या प्रेक्षकांना प्रवेश नाही, असे ठरवावे लागले. २२ मार्च २०१३ ला झाग्रेबमध्ये क्रोएशियाने २-० असा विजय मिळवला. ६ सप्टेंबरला, श्टिमाच यांच्या शेहेचाळिसाव्या वाढदिवशी, बेलग्रेडमध्ये १-१ अशी बरोबरी झाली. तोवर दोघांनी जुने वैर मागे टाकले होते. आम्हांला यात नाट्य वाटत नाही, शहाणपण वाटते: ते वाक्य कोणी मागे घेतले नाही, कोणी कबूल केले नाही, आणि तरीही हात पुढे झाले. ऑक्टोबरात स्कॉटलंडकडून हरल्यावर श्टिमाच यांचे पद गेले.

भारतात ते आले तेव्हा हा सारा इतिहास येथे फारसा कोणाला ठाऊक नव्हता. १० सप्टेंबर २०१९ ला दोहात आशियाई विजेत्या कतारला भारताने ०-० असे रोखले. सुनील छेत्री आजारी होता. बचावात मुंबईचा राहुल भेके, गोव्याचे आदिल खान आणि मंदार राव देसाई, मागे गोलरक्षक गुरप्रीत. तो सामना आम्ही पाहिला आणि बचावपटू प्रशिक्षक म्हणजे काय, ते थोडेफार कळले. जून २०२३ मध्ये बंगळूरला दक्षिण आशियाई स्पर्धेत पाकिस्तानचा खेळाडू थ्रो-इन घेत असताना श्टिमाच यांनी त्याच्या हातातला चेंडू उडवला. लाल कार्ड. दुसऱ्या दिवशी त्यांनी लिहिले, की आपल्या मुलांसाठी गरज पडली तर पुन्हा तेच करीन. कुवेतविरुद्ध पुन्हा लाल कार्ड. मग उपांत्य आणि अंतिम सामन्यात मैदानालगत उभे राहिले ते त्यांचे साहाय्यक, गोव्याचे महेश गवळी, आणि चषक भारताने जिंकला. तेवीस वर्षांच्या मुलाचा संताप पंचावन्नाव्या वर्षी तसाच होता, असे म्हणण्याचा मोह होतो. पण १९९१ च्या त्या संध्याकाळी पणाला लागले होते ते आणि बंगळूरला लागले होते ते, यांची तुलना करणे आम्हांला अश्लाघ्य वाटते.

जानेवारी २०२४ च्या आशियाई स्पर्धेत भारत तिन्ही सामने हरला, एकही गोल करू शकला नाही. संघाला सरावासाठी मिळालेला वेळ कमी होता ही त्यांची तक्रार खरी होती. हांगझोला आदल्या संध्याकाळी पोहोचून दुसऱ्या दिवशी चीनशी खेळावे लागले, तिथे ५-१ या निकालाचे खापर प्रशिक्षकावर कोणी फोडू नये. पण मार्चमध्ये गुवाहाटीत अफगाणिस्तानकडून झालेल्या पराभवाला असा आडोसा नव्हता. पात्रता फेरीच्या तिसऱ्या टप्प्यात संघाला नेले नाही तर निघून जाईन, असे ते बोलून बसले होते. ११ जूनला दोहात कतारने बरोबरी साधली तो चेंडू आधीच रेषेबाहेर गेला होता. चित्रफितीत ते स्वच्छ दिसते. पंचांनी गोल दिला, भारत १-२ असा हरला, आणि सहा दिवसांनी महासंघाने श्टिमाच यांना काढले.

सिनिशा मिहायलोविच १६ डिसेंबर २०२२ रोजी रोममध्ये रक्ताच्या कर्करोगाने वारले. वय ५३. त्या वेळी श्टिमाच भारताचे प्रशिक्षक होते. बेलग्रेडच्या मैदानावरच्या त्या क्षणाचे दोन साक्षी होते, आता एक उरला आहे, आणि त्याच्या पाठात ते वाक्य नाही. आमच्यापैकी जो पहिला पक्ष मांडत असे, तो त्या रात्री वाद घालायला आला नाही.