पडद्यावर नसलेले रंग

लेकीकडे व्हिएन्नाला तीन आठवडे होतो. राजवाडे पाहिले, चर्च पाहिली, केकही भरपूर झाले. निघण्याच्या आदल्या दिवशी लेक म्हणाली, "बाबा, आज सिनेमाला जाऊ. पण त्यात गोष्ट नाही हं!"

अल्बर्टिना या प्रसिद्ध कलासंग्रहालयाच्या इमारतीतच तिथलं फिल्म म्युझियम आहे. पीटर कोनलेख्नर आणि पीटर कुबेल्का यांनी ते १९६४ साली स्थापन केलं. प्रेक्षागृह सगळं काळं. पडद्याशिवाय नजरेला दुसरं काही सापडूच नये, ही कुबेल्कांची कल्पना.

चित्रपटही त्यांचाच, १९६० सालचा. नाव 'आर्नुल्फ रायनर', म्हणजे त्यांच्या चित्रकार मित्राचं. पण पडद्यावर तो मित्र नाही, कुणीच नाही. एक तर पूर्ण काळी चौकट, नाही तर पूर्ण पांढरी. आवाज म्हणजे नुसती खरखर, नाही तर शांतता. सेकंदाला २४ या वेगाने अशा ९,२१६ चौकटी. साडेसहा मिनिटांच्या आत सगळा खेळ आटोपतो. (फिट येण्याचा त्रास असलेल्यांनी मात्र असे लखलखते चित्रपट पाहू नयेत.)

पहिल्या मिनिटाला वाटलं, तिकिटाचे पैसे फुकट गेले. आणि मग पांढऱ्यात जांभळ्या कडा दिसू लागल्या. तेवढ्यात शेजारून आमच्या सौ. कुजबुजल्या, "री, हळदी बण्ण!" त्यांचं माहेर धारवाडचं; नवल वाटलं की कन्नडच येतं.

पडद्यावर ना जांभळा होता, ना पिवळा. काळ्या-पांढऱ्याची झपाट्याने उघडझाप झाली, की डोळा आणि मेंदू मिळून रंग तयार करतात. जर्मन शास्त्रज्ञ फेश्नर यांनी १८३८ सालीच काळी-पांढरी चकती फिरवून हे नोंदवलं होतं. पुढे इंग्लंडात तसे भोवरेही विकायला आले. प्रत्येकाला दिसणारे रंग मात्र सारखेच असतील असं नाही.

बाहेर पडल्यावर मी म्हटलं, "म्हणजे तुझं खरं आणि माझंही खरं. मग तुझ्या साडीचंही तसंच!" शहापूरहून घेतलेली त्यांची एक साडी त्या निळी म्हणतात, मी हिरवी. वाद चार वर्षांचा. सौ. म्हणाल्या, "साडी काही पडद्यावर नाचत नाही. आधी डोळे तपासून घ्या."

बेळगावला परतल्यावर तपासले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. डॉक्टर म्हणाले, डोळ्यातलं भिंग पिवळं पडलं की निळा रंग नीट पोचत नाही.

महिन्याच्या अंतराने दोन्ही ऑपरेशनं झाली. दसऱ्याला सौ. तीच साडी नेसल्या.

निळीच आहे.