तेलाचे दोन थेंब

आमच्या लहानपणी दिवाळीच्या पहिल्या आंघोळीला आजी आम्हा भावंडांना पाटावर बसवून तेल लावीत असे. वाटीत बोटे बुडवली की आधी ती तेलाचे दोन थेंब जमिनीवर शिंपडी आणि मगच आमच्या टाळूवर हात ठेवी. "हे कुणासाठी, आजी?" असे मी दरवर्षी विचारी आणि तीही दरवर्षी तेच उत्तर देई, "अश्वत्थाम्यासाठी. त्याच्या कपाळावरची जखम अजून वाहते आहे रे. दारोदार तेल मागत फिरतो बिचारा." त्या रात्री कुणी कडी वाजवली तरी माझ्या छातीत धस्स होई. तो चिरंजीव भिकारी आमच्याच दारी आला असेल, असे मला वाटत राही.

पुढे मी मराठी भाषांतरातून महाभारत वाचले, तेव्हा आजीचा तो भिकारी मला नव्याने भेटला. द्रोणाचार्य हे अश्वत्थाम्याचे वडील. 'अश्वत्थामा मेला' असे अर्धसत्य त्यांना ऐकवले गेले. पुत्रशोकाने त्यांनी शस्त्र खाली ठेवले आणि त्या नि:शस्त्र अवस्थेत धृष्टद्युम्नाने त्यांचा वध केला. हा अन्याय अश्वत्थाम्याच्या मनात जळत राहिला. युद्ध संपले, दुर्योधन पडला आणि त्याच रात्री अश्वत्थाम्याने पांडवांच्या शिबिरात शिरून झोपलेल्या वीरांना ठार केले. त्यांत धृष्टद्युम्न होता, तसेच द्रौपदीचे पाच पुत्रही होते. एवढ्यावर न थांबता त्याने उत्तरेच्या उदरातील गर्भावर अस्त्र सोडले. तेव्हा श्रीकृष्णाने त्याला शाप दिला : रक्त-पुवाच्या दुर्गंधीसह, कुणाच्याही सोबतीवाचून, तू 3000 वर्षे रानोमाळ भटकत राहशील. त्याच्या मस्तकावरचा मणी पांडवांना द्यावा लागला. लोकमानसाने त्या मण्याच्या जागी एक कायमची जखम पाहिली आणि मराठी भाषेला 'अश्वत्थाम्याची भळभळती जखम' हा शब्दप्रयोग मिळाला.

मला या कथेत एक गोष्ट फार विलक्षण वाटते. महाभारतात मृत्यू पावलेल्यांची गणती नाही. पण अश्वत्थाम्याला शिक्षा मिळाली ती जगण्याची. मेलेल्या माणसाचा भूतकाळ त्याच्याबरोबर संपतो, जिवंत माणसाला मात्र तो वाहून न्यावा लागतो. शिवाय अश्वत्थाम्याची जखम एकेरी नाही. त्याच्यावर अन्याय झाला आणि त्यानेही अन्याय केला. भळभळणाऱ्या त्या रक्तातले आपले दु:ख किती आणि आपले पाप किती, हे त्याचे त्यालाही वेगळे करता येणार नाही.

आपल्या भाषेत 'भूत' या शब्दाचे अर्थ पाहण्यासारखे आहेत. 'भूत' म्हणजे जे होऊन गेले ते. म्हणून आपण 'भूतकाळ' म्हणतो. 'भूत' म्हणजे पिशाच्चही. आणि 'भूतदया' या शब्दात 'भूत' म्हणजे जिवंत प्राणी. होऊन गेलेले, मानगुटीला बसणारे आणि जिवंत असलेले, या तिन्हींना एकच शब्द! साहित्य वाचताना मला हे तिन्ही अर्थ एकाच वेळी आठवतात. व्यवहारात आपण सहज म्हणतो, "झाले गेले गंगेला मिळाले." पण चांगला लेखक गंगेच्या काठी थांबतो आणि काय काय मिळाले नाही, ते पाहतो.

विसरून गेले म्हणजे भूतकाळापासून सुटका होते का? या प्रश्नाचे उत्तर कालिदासाने 'अभिज्ञानशाकुंतल' या नाटकात दिले आहे. दुर्वासाच्या शापामुळे राजा दुष्यंत शकुंतलेला साफ विसरला आहे. पाचव्या अंकाच्या आरंभी तो राजवाड्यात बसला असता आतून हंसपदिकेच्या गाण्याचे सूर ऐकू येतात. कुठल्याही प्रिय माणसाचा विरह नसताना राजा एकाएकी व्याकूळ होतो. आपल्याला काय होते आहे हे त्याला कळत नाही. जन्मांतरीची एखादी ओळख मनात रुतून बसली असावी, अशी तो स्वत:ची समजूत घालतो. शकुंतला दाराशी येऊन उभी राहण्यापूर्वीच तिच्या आठवणीची सावली त्याच्या मनावर पडली आहे. पुढे कोळ्याला सापडलेली अंगठी परत येते, सारे आठवते आणि मग पश्चात्तापाला सीमा उरत नाही. तात्पर्य असे, की आठवण पुसली गेली तरी हुरहूर उरते. आपण विसरलो, असे आपल्याला वाटते. पण जे घडले ते आपल्याला विसरलेले नसते.

शापाची आणि अंगठीची गोष्ट फार जुन्या काळची. आपल्या काळात भूतकाळ कसा छळतो, हे पाहायचे तर मी महेश एलकुंचवार यांच्या 'वाडा चिरेबंदी' या नाटकाकडे वळतो. हे नाटक 1985 मध्ये रंगभूमीवर आले. विदर्भातल्या धरणगावच्या देशपांडे घराण्याची ही कहाणी आहे. घरातले कर्ते पुरुष तात्याजी वारले आहेत. मुंबईचा मुलगा सुधीर पत्नीसह आला आहे. दिवसकार्य घराण्याच्या इतमामाला शोभेल असे झाले पाहिजे, असा आग्रह आहे. पण त्यासाठी पैसा कुठून आणायचा, हे कुणालाच ठाऊक नाही. शेती हातची गेली, वाडा ढासळू लागला आणि अंगणात एक ट्रॅक्टर गंजत पडला आहे. तो चालत नाही आणि कुणी हलवतही नाही.

या नाटकात भूत नाही, शाप नाही. तरी मला ते वाचताना वाटते, की या घरात राहणाऱ्या माणसांपेक्षा गेलेले दिवसच अधिक जागा अडवून बसले आहेत. 'आपण वाड्यातली माणसे' हा अभिमान त्यांना धड नवे जगू देत नाही आणि जुने सोडू देत नाही. एकाच वाड्यात प्रत्येकाचा भूतकाळ मात्र निराळा आहे. थोरल्या भास्करला तो वैभवाचा वाटतो. धाकटा चंदू मुकाट्याने राबतो. त्याच्या वाट्याला वैभवाचे फक्त ओझे आले आहे. आणि बहीण प्रभा? तिला शिकायचे होते. घराण्याच्या प्रतिष्ठेपायी तिला बाहेर पाठवले गेले नाही. तिचे लग्नही झाले नाही. तिचा भूतकाळ म्हणजे जे घडायला हवे होते आणि घडू दिले गेले नाही, ते सारे. मला वाटते, घडलेल्या गोष्टींपेक्षा या न घडलेल्या गोष्टीच माणसाला अधिक छळतात. घडलेल्या गोष्टीला शेवट असतो. न घडलेली गोष्ट रोज नव्याने सुरू होते.

हे नाटक मी माझ्या ताईला दिले, तेव्हा माझ्या मनात यातले काहीही नव्हते. ताई माझ्याहून दीड वर्षाने मोठी. दर भाऊबीजेला ओवाळणीत मी तिला साडीबरोबर एखादे पुस्तक देत असे. सातवीपर्यंतच शिकलेली ताई वाचण्यात मात्र मला हार जात नसे. त्या वर्षी तिला 'वाडा चिरेबंदी' दिले. महिन्याभराने तिचे पत्र आले. घरची खुशाली, पावसाची बातमी आणि शेवटी एक वाक्य : "नाटक वाचले. प्रभाला कुणी काही विचारले नाही." एवढेच. ते पत्र मी घडी करून खिशात ठेवले. त्या रात्री मला झोप लागली नाही.

कारण असे होते. आमच्या गावात शाळा सातवीपर्यंतच होती. पुढची शाळा दीड कोसावर. ताई सातवी उत्तीर्ण झाली. परंतु मुलीला एकटीने इतक्या दूर कसे पाठवायचे, म्हणून वर्षभर घरी बसली. पुढच्या वर्षी मीही सातवी झालो. एका संध्याकाळी बाबा मला म्हणाले, "तुम्ही दोघं मिळून जात असाल, तर ताईचंही नाव घालू." मी तेव्हा बारा-तेरा वर्षांचा होतो. मी म्हणालो, "मी नाही बहिणीबरोबर जाणार. पोरं हसतील मला." बाबांनी पुन्हा विचारले नाही. कदाचित त्यांनाही एखादे निमित्तच हवे असेल. जूनमध्ये मी एकटाच शाळेत जाऊ लागलो. माझ्या नव्या पुस्तकांना ताईने जुन्या वर्तमानपत्राची कव्हरे घालून दिली.

मी शिकलो, नोकरीला लागलो. 'तो काळच तसा होता', असे मी लोकांना सांगत असे. त्यात खोटे काही नव्हते. पण ते द्रोणाचार्यांना ऐकवलेल्या वाक्यासारखे होते, अर्धे खरे. त्या संध्याकाळचे माझे वाक्य मी कधीच कुणाला सांगितले नाही. ताईने ते ऐकले होते की नाही, हेही मला ठाऊक नव्हते आणि विचारण्याचे धैर्य नव्हते. दर भाऊबीजेचे पुस्तक मी प्रेमाने देत होतो, असे मी समजत होतो. दुष्यंताप्रमाणे मलाही त्यामागची हुरहूर कळली नव्हती.

याच सुमारास मी दया पवार यांचे 'बलुतं' पुन्हा वाचले. 1978 साली प्रसिद्ध झालेले हे आत्मकथन एका वेगळ्याच रीतीने सांगितले आहे. दगडू मारुती पवार हा माणूस आपली कहाणी दया पवार यांना सांगतो. वास्तविक हे दोघे एकच आहेत. दगडू हे त्यांचे मूळचे नाव; गावकुसाबाहेरच्या महारवाड्यातले, अपमानाचे, उपासमारीचे आयुष्य त्या नावाशी बांधलेले. शिकलेल्या, प्रतिष्ठा मिळालेल्या लेखकाला त्या दगडूला विसरून जाणे अवघड नव्हते. पण त्याने दगडूला समोर बसवले आणि बोलू दिले. जातिव्यवस्थेने पिढ्यान्‌पिढ्या दिलेल्या त्या वेदनेशी माझ्या लहानशा अपराधाची तुलना करण्याचे धाडस मी करणार नाही. मी त्या पुस्तकाकडून एवढेच शिकलो, की भूतकाळ आपल्या मागे लागलेला असेल, तर पळण्यापेक्षा वळून त्याला नावाने हाक मारावी. त्याला जे म्हणायचे आहे, ते पूर्ण म्हणू द्यावे.

पुढच्या भाऊबीजेला मी ताईकडे गेलो. रीतीप्रमाणे तिने मला पाटावर बसवले आणि तेलाची वाटी घेतली. माझी पाठ तिच्याकडे होती. कदाचित म्हणूनच मला बोलता आले. मी म्हणालो, "ताई, त्या वर्षी बाबांनी तुला शाळेत पाठवायचं ठरवलं होतं. मीच नको म्हणालो. पोरं हसतील म्हणून." बोलून झाले आणि मी गप्प बसलो.

तिचा हात क्षणभर थांबला. मग ती म्हणाली, "ठाऊक आहे. मी दाराआडच उभी होते."

"मग कधी बोलली का नाहीस?"

"तू कधी बोलतोस, ते पाहत होते."

तिने मला क्षमा केली की नाही, हे तिने सांगितले नाही आणि मीही विचारले नाही. तिची गेलेली वर्षे माझ्या एका वाक्याने परत येणार नव्हती. वाटीत बोटे बुडवून तिने आजीसारखेच दोन थेंब जमिनीवर शिंपडले आणि मग माझ्या टाळूवर तेल घातले.

दोन थेंबांनी अश्वत्थाम्याची जखम भरत नाही, हे आजीला ठाऊक नव्हते असे नाही. तरीही ती दरवर्षी ते शिंपडत असे. त्याची जखम आपल्याला ठाऊक आहे, एवढे तरी त्याला कळावे, हाच तिचा हेतू असेल. साहित्यही बहुधा हेच करते. प्रभाची वर्षे नाटककार परत देऊ शकत नाही आणि लेखणीने दगडूचे बालपण बदलत नाही. पण जे कुणी विचारले नव्हते ते तिथे विचारले जाते आणि जे दाराआड राहिले होते ते उजेडात येते.

निघताना ताई मला म्हणाली, "पुढच्या वेळी पुस्तक जरा जाडसं आण. ते नाटक लवकर संपलं."