काळाला वळण लावणारा दगड

दगडांविषयीच्या अद्भुत कथा आपल्याकडे पुष्कळ आहेत. लोखंडाचे सोने करणारा परीस, मनातील इच्छा पुरवणारा चिंतामणी, रोज सोने देणारा स्यमंतक मणी, यांच्या गोष्टी ज्याने ऐकल्या नाहीत असे मूल विरळाच. धावत्या काळाला एका लयीत चालायला लावणारा दगड मात्र या कथांत सहसा भेटत नाही. नवल असे, की परीस आजवर कोणाला सापडला नाही. हा दगड मात्र खरोखरच आहे. तो कोणत्याही राजाच्या खजिन्यात नाही. ज्या गारगोट्या एकमेकींवर आपटून मुले अंधारात ठिणग्या पाडतात, त्यांच्याच कुळातील तो आहे. त्याचे नाव स्फटिक.

ठाण्याहून भिवंडीकडे निघाले आणि कशेळीचा पूल ओलांडला, की थोड्याच अंतरावर काल्हेर लागते. गावाच्या कडेने उल्हास नदीची खाडी आहे. खाडीकाठच्या माणसांचे सर्वांत जुने घड्याळ म्हणजे ही खाडीच! पाणी चढले, की होडी लोटावी. उतरले, की थांबावे. कोकणातील दर्यावर्दींचा यासाठी एक सोपा हिशेब आहे. तिथीची पाऊणपट करावी. जो आकडा येईल, त्या सुमारास भरती. अष्टमी असेल तर आठाची पाऊणपट सहा. म्हणून सकाळी आणि संध्याकाळी सहाच्या आसपास समुद्राला भरती येते. खाडीच्या आतल्या गावांपर्यंत ते पाणी पोहोचायला आणखी थोडा वेळ लागतो. हे घड्याळ विश्वासू खरे. पण ते रोज सुमारे ५० मिनिटे मागे सरकते, आणि मिनिटांचा हिशेब तर त्याला ठाऊकच नाही.

मिनिटांचा हिशेब हवा असे वाटू लागले, तेव्हा माणसाने घटिकापात्र केले. तळाला बारीक छिद्र असलेली वाटी पाण्यावर सोडायची. ती भरून बुडाली, की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटे झाली. लग्नमंडपात ‘घटिका भरली’ असे जे म्हणतात, ते या वाटीवरूनच. पुढे १६५६ मध्ये ह्यूगेन्स या डच शास्त्रज्ञाने लंबकाचे घड्याळ सिद्ध केले. परंतु उन्हाळ्यात लंबकाची दांडी किंचित लांबते आणि घड्याळ मागे पडते. हेलकावणाऱ्या जहाजावर तर लंबकाचा तोलच सुटतो. एकसारखा ठोका देणारी, कशानेही न डगमगणारी वस्तू कोठे मिळेल, हा प्रश्न उरलाच.

त्याचे उत्तर पायाखाली होते. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी तप्त लाव्हारसाचे थर साचून आपल्या महाराष्ट्राचा काळा पाषाण बनला. त्या रसातील वायूच्या बुडबुड्यांनी खडकात पोकळ्या राहिल्या. पुढे त्यांत पाणी झिरपत राहिले, आणि त्या पाण्यात विरघळलेले द्रव्य कणाकणाने साचून स्फटिक तयार झाले. पृथ्वीवर इतरत्रही नाना रीतींनी स्फटिक घडले आहेत.

१८८० मध्ये फ्रान्समधील झाक आणि पिएर क्यूरी या दोघा भावांनी स्फटिकाचा एक गुण उघडकीस आणला. पिएर तेव्हा अवघा २१ वर्षांचा होता. स्फटिकाची चीप दाबली, की तिच्यात वीज उत्पन्न होते! पुढच्याच वर्षी उलट बाजूही सिद्ध झाली: स्फटिकाला वीज दिली, की तो आकार किंचित बदलतो. म्हणजे विजेच्या योगाने त्याला सतत कंप पावत ठेवता येते. आणि त्या कंपांची गती चिपेच्या आकारावर ठरते. चीप नेमकी कापली, की ठोका नेमका! १९२७ मध्ये अमेरिकेत मॅरिसन आणि हॉर्टन यांनी स्फटिकाचे पहिले घड्याळ केले. ते बरेच अवजड होते. मनगटावर बांधता येईल असे स्फटिकाचे घड्याळ १९६९ च्या डिसेंबरात जपानमध्ये विक्रीस आले.

आजच्या साध्या घड्याळात चिमट्याच्या आकाराची एक इवलीशी चीप असते. ती सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावते. हा आकडा असा विचित्र का? पाटीवर त्याची निमपट करून पाहावी. १६,३८४, मग ८,१९२, असे करीत गेले, की पंधराव्या खेपेस बरोबर १ उरतो! घड्याळातील यंत्रणा हेच गणित अखंड करीत असते आणि दर सेकंदाला काटा एक पाऊल पुढे टाकते.

काल्हेरच्या परिसरात आज गोदामांच्या रांगा आहेत. दूरदूरचा माल तेथे उतरतो आणि मालमोटारींतून पुन्हा दूरवर जातो. खाडीतील पाण्याची वाट पाहून आता कोणी गाडी सोडत नाही. गोदामाच्या भिंतीवरील घड्याळात आणि हमालाच्या खिशातील मोबाइलमध्येही तोच स्फटिक धडधडत असतो. त्यासाठी लागणारे बहुतेक स्फटिक आता कारखान्यात, पोलादी भांड्यांत, उष्णता आणि दाब देऊन वाढवतात.

तरीही हा दगड जादूचा नव्हे. तोही थंडीउन्हाने किंचित चुकतो. साध्या घड्याळात महिन्याकाठी सुमारे १५ सेकंदांचा फरक पडू शकतो. म्हणूनच देशाची प्रमाणवेळ नवी दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत अणुघड्याळांवर राखली जाते. त्या घड्याळांतही स्फटिक असतो. मात्र अणूंच्या साक्षीने त्याचा ठोका वरचेवर तपासला जातो. जो स्वतः नियमाने चालतो, त्यालाही आपली चाल पडताळून पाहावी लागते.

परीस शोधत रानोमाळ हिंडणाऱ्या किती जणांच्या पायांनी वाटेतल्या गारगोट्या उडाल्या असतील! दगड तेव्हाही तोच होता. त्याला हातात घेऊन ‘हा दाबला तर काय होईल?’ असे विचारणारे कोणी तरी यावे लागले, एवढेच.