मावळचा कातळ आणि ज्वालामुखी

एकवीरेच्या दर्शनाला कार्ल्याचा डोंगर आपल्यापैकी पुष्कळांनी चढला असेल. पुढच्या वेळी जाल तेव्हा समोरचे लोहगड-विसापूर नीट न्याहाळा. कड्यावर पायऱ्यांसारखे आडवे थर दिसतील. हे सारे थर म्हणजे थंड होऊन दगड झालेला लाव्हारस!

ज्वालामुखी म्हटला की शंकूसारखा डोंगर आणि त्याच्या तोंडातून निघणारा धूर डोळ्यांपुढे येतो. इटलीतला व्हेसुव्हियस त्या जातीचा. इ. स. ७९ मध्ये त्याने पाँपेई शहर राखेखाली गाडले. आपल्याकडचा प्रकार वेगळा. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी येथे जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि पातळ लाव्हा पुराच्या पाण्यासारखा पसरला. एक थर निवाला की काही काळाने त्यावर दुसरा. हा काळा पाषाण आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरलेला आहे. कार्ले-भाजे लेणी त्यातच कोरली. तोच झिजून देशावरची काळी जमीन झाली.

भेगेतून वाहणारा ज्वालामुखीही कमी घातक नसतो. आइसलँडमध्ये १७८३ साली लाकी येथे अशीच भेग फुटली. विषारी वायूंनी कुरणे नासली, निम्म्याहून अधिक जनावरे मेली आणि पुढच्या दुष्काळात सुमारे पाचवा हिस्सा माणसे दगावली.

मावळातली आग केव्हाच विझली. भारतात आज जागृत ज्वालामुखी एकच, अंदमानातील बॅरन बेट. आपल्याला भय आहे ते पावसाचे. कातळावरची माती आणि कुजका मुरूम पाण्याने जड झाला की घसरतो. ३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातील माळीण असेच गाडले गेले. दीडशेवर माणसे गेली. १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूर तालुक्यातील इर्शाळवाडीवर दरड कोसळली.

म्हणून पावसाळ्यात डोंगराकडे लक्ष ठेवा. उतारावर नवी भेग पडली, झाडे किंवा खांब कलले, झऱ्याचे पाणी एकाएकी गढूळ झाले, तर पाऊस थांबण्याची वाट पाहू नका. मुलेबाळे, म्हातारी माणसे यांना घेऊन उतारापासून दूर जा, जनावरांची दावी सोडा, सरपंच-तलाठ्यांना कळवा. घरासाठी किंवा खाचरासाठी डोंगराचा पायथा तोडू नका. वरचे पाणी चर काढून बाजूच्या ओढ्याला लावा. उतारावरची झाडे राखा. घर पुन्हा बांधता येते, माणूस परत येत नाही.