ऋण आणि उसनवारी

शेजारच्या घरून चमचाभर विरजण आणून दही लावले, तर त्यास कोणी चोरी म्हणत नाही. परंतु शेजाऱ्याच्या दह्याचे भांडेच उचलून आणले, तर मामला न्यायालयात जातो. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली आर. जी. आनंद यांच्या खटल्यात हाच विवेक सांगितला. कल्पनेवर कोणाची मालकी नसते. तिला दिलेल्या विशिष्ट रूपावर असते. हे तत्त्व ऐकावयास सोपे. ते लावताना किती कस लागतो, हे मला इटालियन दिग्दर्शक सेर्जो लिओने याच्या कारकिर्दीत दिसते.

लिओने १९२९ साली रोम येथे जन्मला. वडील मूकपटांचे दिग्दर्शक. रोबेर्तो रोबेर्ती हे त्यांनी धारण केलेले नाव. मुलाने अनेक वर्षे इतरांच्या हाताखाली उमेदवारी केली आणि १९६४ साली ‘अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स’ काढला. चित्रपट अमेरिकन वाटावा म्हणून त्याने ‘बॉब रॉबर्टसन’ हे नाव घेतले. रॉबर्टसन म्हणजे रॉबर्टचा पुत्र! टोपणनावातही त्याने पितृऋण स्मरले.

ऋषिऋणाचे मात्र तसे झाले नाही. दोन टोळ्यांच्या गावात एक भटका योद्धा शिरतो आणि दोघींना झुंजवतो, हे कथानक अकिरा कुरोसावाच्या १९६१ च्या ‘योजिंबो’चे. त्याचे हक्क कोणी घेतलेच नव्हते. लिओनेचा बचाव चतुर होता: हे बीज मूळचे अठराव्या शतकातील इटालियन नाटककार गोल्दोनी याच्या, दोन धन्यांच्या एका चाकरावरील सुखात्मिकेतले, मी ते घरी परत आणले, इतकेच. हा युक्तिवाद ऐकून माझ्यातला वकील सुखावतो. पण दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहिले, की प्रसंगामागून प्रसंग जुळत जातात आणि वकिलाला गप्प बसावे लागते. विरजण गोल्दोनीचे असेल. भांडे कुरोसावाचेच होते. अखेर तडजोड होऊन जपानी पक्षास मिळकतीचा १५ टक्के वाटा आणि जपान, तैवान व दक्षिण कोरिया येथील वितरणाचे हक्क मिळाले.

तरीही लिओनेला नकलाकार म्हणणे अन्यायाचे होईल. स्पेनमधील आल्मेरियाचा रखरखीत माळ, पडदाभर पसरलेले डोळे, गोळी सुटण्यापूर्वीची ती लांबच लांब स्तब्धता, ही भाषा त्याची स्वतःची. ‘वन्स अपॉन अ टाइम इन द वेस्ट’ (१९६८) साठी बालपणीचा वर्गबंधू एन्निओ मोर्रिकोने याने संगीत आधी रचले आणि चित्रीकरणाच्या वेळी ते वाजवून नटांना त्या लयीत चालविले गेले. पुढे १९७३ साली ‘माय नेम इज नोबडी’ची निर्मिती करून त्याने दिग्दर्शन तोनिनो वालेरी याच्याकडे सोपविले. आपल्या ‘शोले’तील (१९७५) ठाकूर कुटुंबाच्या हत्याकांडावर त्या १९६८ च्या चित्रपटाची छाप स्पष्ट आहे. ऋणको असा धनको झाला.

१९८४ साली त्याचा ‘वन्स अपॉन अ टाइम इन अमेरिका’ आला. काळाची उलटसुलट गुंफण हाच त्याचा प्राण. युरोपात तो २२९ मिनिटांचा दाखविला गेला. अमेरिकेतील वितरकांनी मात्र तो १३९ मिनिटांवर आणला आणि प्रसंग सरळ कालक्रमाने लावले. चित्रपट तेथे पडला. त्यानंतर लिओनेने दुसरा चित्रपट दिग्दर्शित केला नाही. १९८९ साली, साठाव्या वर्षी, तो गेला.

उसन्या कथेचे मोल १५ टक्के ठरविता आले. कापलेल्या त्या ९० मिनिटांचे मोल कोणते न्यायालय ठरविणार?