बापाच्या पावलांमागून

नॉर्वेच्या अनुबोधपटकार मार्ग्रेट ओलिन यांच्या कारकिर्दीचा विचार करताना एक गोष्ट आमच्या मनात ठसते. ज्यांच्यावरून जगाची नजर चटकन पुढे सरकते, त्यांच्यापाशी या बाई थांबतात.

१९७० साली जन्मलेल्या ओलिन यांनी १९९८ मध्ये वृद्धांच्या शुश्रूषागृहातील जीवनावर अनुबोधपट केला. त्याच्या नॉर्वेजियन नावाचा अर्थ ‘मऊ हात’. २००२ मध्ये त्यांनी कॅमेरा स्वतःच्याच देहाकडे वळवला आणि इतरांच्या शेऱ्यांतून मनात लाज कशी रुजते, हे दाखवले. २००४ मध्ये त्या ओस्लोच्या एका शाळेतील किशोरांमध्ये गेल्या. २०१२ च्या अनुबोधपटात आईबापांविना आश्रयास आलेली मुले आहेत. अठरा वर्षे पूर्ण होताच त्यांना परत पाठवले जाण्याची भीती असते. वाढदिवसाचीच धास्ती घेऊन जगणारी ही मुले पाहिली की मत्तयच्या शुभवर्तमानातील अखेरच्या न्यायाचा प्रसंग आठवल्यावाचून राहत नाही.

२०२३ साली त्या स्वतःच्या घरी परतल्या. पश्चिम नॉर्वेतील ओल्डेदालेन हे हिमनद्यांचे खोरे. तेथे ८४ वर्षांचे वडील काठी टेकीत पुढे चालतात आणि लेक कॅमेरा घेऊन मागोमाग जाते. चारही ऋतू सरतात. वडिलांच्या त्वचेवरील सुरकुत्या आणि हिमनदीच्या भेगा एकामागून एक पडद्यावर येतात, तेव्हा दोन्ही नाशवंत आहेत हे सांगावे लागत नाही. नॉर्वेने ऑस्करसाठी हाच चित्रपट पाठवला. लिव्ह उल्मन आणि विम वेंडर्स यांच्यासारखे नामवंत कार्यकारी निर्माते म्हणून त्याच्या पाठीशी उभे राहिले.

आमच्या धर्मग्रामांतील किती घरांची मुले आखातात वा कॅनडात आहेत! औषधांचे पैसे वेळेवर येतात, नाताळला नवे कपडे येतात. ते प्रेमच आहे, यात शंका नाही. तथापि दहा आज्ञांतील चौथी आज्ञा केवळ पैशाने पाळता येते काय? मातापित्यांचा मान राखणे म्हणजे त्यांच्या गतीने चालणे, शंभरदा ऐकलेली विहिरीची वा वाडीची गोष्ट पुन्हा ऐकणे, हेही नव्हे काय? ओलिनबाईंचा कॅमेरा आपल्यापाशी नाही. परंतु संध्याकाळच्या रोझरीनंतर त्यांच्याजवळ आणखी अर्धा तास बसून त्यांचे बालपण विचारता येईल. त्यासाठी ते हयात असावे लागतात, एवढेच.